मालकी एकाची, जपणूक दुसऱ्याची

(चिखलदरा येथील कार्यकर्ता अभ्यासशिबिरात झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)



शिबिराच्या विषयपत्रिकेवर कापसाचा भाव, वनहक्क आणि सहकारी पतसंस्था यांच्या रांगेत ‘जुन्या जपानी ॲनिमेची मूळ रूपातील जपणूक’ हा विषय पाहून अनेकांना नवल वाटले असेल. ज्या मेळघाटाचे नाव १९९३ सालापासून बालमृत्यूंच्या बातम्यांशी जोडले गेले, त्याच्याच माथ्यावर बसून हलत्या चित्रांच्या रंगरेषांची चर्चा करावी, हे काहींना अप्रशस्तही वाटेल. हा आक्षेप रास्त आहे आणि त्याला उत्तर दिल्यावाचून हे विवेचन पुरे होणार नाही. तूर्त एवढेच ध्यानात घ्यावे की, विषय चित्राचा असला तरी प्रश्न मालमत्तेचा आहे. वस्तू ज्याच्या नावावर आहे त्याला ती टिकविण्याची निकड नाही. ज्याला ती टिकावीशी वाटते त्याला तिला हात लावण्याचा अधिकार नाही. जमिनीच्या बाबतीत हा पेच या देशातील समाजवाद्यांनी पुष्कळ वेळा मांडला आहे. स्मृतीच्या बाबतीत तो अजून धड मांडलाही गेलेला नाही.

सातपुड्याचा मोगली

आरंभ घरच्याच उदाहरणाने करावा. रुडयार्ड किपलिंगचे ‘द जंगल बुक’ १८९४ साली प्रसिद्ध झाले. त्यातील मोगलीचे रान शिवनीच्या टेकड्यांत आणि वैनगंगेच्या परिसरात आहे. म्हणजे ज्या सातपुड्याच्या एका पठारावर चिखलदरा वसले आहे, त्याच सातपुड्याच्या पूर्वेकडील अंगाला. साम्राज्याचा अभिमान बाळगणाऱ्या लेखकाने सातपुड्यातील एका पोराची कथा इंग्रजीत लिहिली. पुढे जपानमधील निप्पॉन ॲनिमेशन या संस्थेने १९८९-९० साली तिची ५२ भागांची चित्रमालिका केली. १९९३ साली दूरदर्शनने ती हिंदीत दाखविली. शीर्षकगीताचे शब्द गुलजारांचे होते, चाल विशाल भारद्वाज यांची होती आणि शेरखानाला आवाज दिला होता नाना पाटेकरांनी. रविवारी सकाळी ज्या घरी दूरचित्रवाणी संच असे त्या घरी सारी गल्ली गोळा होई, हे वऱ्हाडातील चाळिशी गाठलेल्या कोणालाही आठवेल.

आता प्रश्न असा की, हा मोगली कोणाचा? चित्रांचा हक्क जपानमध्ये. कथा जुन्या इंग्रज लेखकाची. आवाज, गीत आणि संगीत भारतीय कलावंतांचे. प्रक्षेपण सार्वजनिक पैशावर चालणाऱ्या दूरदर्शनचे. कोट्यवधी मुलांनी जी वस्तू पाहिली ती या सर्वांची मिळून झालेली होती आणि नेमक्या त्या जुळलेल्या रूपाचा वाली कोणीच नव्हता. जपानी मालकाच्या दृष्टीने हिंदी आवृत्ती ही परदेशी विक्रीची एक बाब. दूरदर्शनच्या दृष्टीने तो एका हंगामाचा कार्यक्रम. २०२० च्या एप्रिलमध्ये, टाळेबंदीच्या दिवसांत, दूरदर्शनने ही मालिका पुन्हा दाखविली, तेव्हा २७ वर्षांनंतरही तिची ओढ ओसरलेली नसल्याचे दिसून आले. मधल्या काळात ती आठवण ज्यांनी जागती ठेवली ते कोणी संग्रहपाल नव्हते. घरातल्या व्हिडिओ कॅसेटवर कार्यक्रम उतरवून ठेवणारे, त्या कॅसेटींवरचा हिंदी आवाज पुढे संगणकावर घेणारे आणि तो अधिक स्वच्छ चित्राशी जुळवीत बसणारे ते साधे प्रेक्षक होते.

असे प्रेक्षक आज जगभर आहेत. जुन्या ॲनिमेच्या फिल्म, लेझर डिस्क, प्रक्षेपणाची ध्वनिचित्रमुद्रणे शोधून, एकमेकांशी ताडून, त्या चित्रपटांचे मूळ रूप शक्य तितके तंतोतंत राखावे, असा उद्योग ते पदरमोड करून करीत असतात. या उद्योगाचे मर्म समजण्यासाठी ‘मूळ रूप’ म्हणजे काय, हे आधी पाहिले पाहिजे.

रेषेतले श्रम

संगणक येण्यापूर्वीचे ॲनिमे हे हातकाम होते. कागदावर पेन्सिलीने चित्र काढायचे; ते सेल नावाच्या पारदर्शक पत्र्यावर उतरवायचे; पत्र्याच्या मागल्या बाजूने रंग भरायचा; तो पत्रा स्वतंत्रपणे रंगविलेल्या पार्श्वभूमीवर ठेवून वरून छायाचित्र घ्यायचे; मग पुढचा पत्रा. फिल्म एका सेकंदाला २४ चौकटी या वेगाने धावते. दूरचित्रवाणीच्या मालिकांत एकच चित्र बहुधा तीन चौकटींपुरते धरून ठेवीत, म्हणजे सेकंदाला आठ चित्रे. अनेक प्रसंगांत केवळ ओठ वा डोळे हलवून काटकसर केली जाई. तरीही अर्ध्या तासाच्या एका भागाला साधारणपणे ३,००० ते ५,००० सेल लागत. रेषा उतरविण्याचे आणि रंग भरण्याचे काम प्रामुख्याने स्त्रिया करीत. त्यांची नावे नामावलीत आली तर आली. प्रेक्षकांच्या लक्षात राहिली नाहीत.

या धंद्याचा पाया स्वस्त श्रमावर घातला गेला, हा इतिहास कार्यकर्त्यांनी मुद्दाम जाणून घ्यावा असा आहे. ओसामू तेझुका यांची ‘तेत्सुवान आतोमु’ ही मालिका १९६३ च्या जानेवारीत सुरू झाली. तिचे भाग त्यांनी निर्मितीखर्चाहून कमी किमतीला प्रक्षेपण कंपनीस विकले; तूट खेळणी आणि इतर वस्तूंवर चित्रे छापण्याच्या परवान्यांतून भरून काढायची, असा हिशेब होता. पुढे ही कमी किंमत साऱ्या धंद्याचीच रीत होऊन बसली आणि तिचा भार चित्रकारांच्या वेतनावर पडला. दुसऱ्या बाजूस, १९५६ साली स्थापन झालेल्या तोएई कंपनीच्या चित्रशाळेत कामगार संघटना उभी राहिली. आज जगविख्यात असलेले हायाओ मियाझाकी १९६४ साली त्या संघटनेचे मुख्य चिटणीस झाले आणि इसाओ ताकाहाता हे उपाध्यक्ष होते. संघटनेच्या त्या वातावरणातूनच ताकाहाता यांचा १९६८ चा ‘होरुस’ हा चित्रपट घडला. गावावर आलेले संकट एका वीराने नव्हे, तर गावकऱ्यांनी एकजुटीने निवारावे, ही त्याची कथावस्तू. संघटनेचा अनुभव चित्राच्या आशयात कसा उतरतो, याचे याहून स्वच्छ उदाहरण सापडणे कठीण.

चित्रीकरण झाले की सेलचे काम संपले. असंख्य सेल टाकून दिले गेले, काही चाहत्यांना विकले वा वाटले गेले. उरली ती फिल्म. म्हणून रेषेचा कमी-जास्त दाब, रंगाच्या थरातील असमानता, सेलखाली पडलेली पुसट सावली, फिल्मच्या रसायनातले बारीक कण हे सारे त्या श्रमांचे उरलेले एकमेव दप्तर होय. जपानी दूरचित्रवाणीवर हाताने रंगविलेल्या सेलवर चालणारी शेवटची मालिका ‘साझाए-सान’ ही होती. २०१३ साली तिनेही सेल सोडले. तेव्हापासून ही कारागिरी चालू उद्योग म्हणून संपली आहे. जे शिल्लक आहे त्यात नव्याने भर पडणार नाही.

सुधारणेच्या नावाखाली

असे असताना मूळ रूपाला धोका कोठून येतो? काळाचा धोका उघड आहे. ॲसिटेटची फिल्म दमट हवेत कुजू लागली की व्हिनेगरसारखा आंबूस वास येतो. रंगीत फिल्ममधील निळे-हिरवे रंग आधी विटतात आणि चित्र तांबूस होते. चुंबकीय फितीवरचा लेप सुटू लागतो. परंतु काळाइतकाच मोठा धोका मालकाने केलेल्या सुधारणेचा आहे. ती चार प्रकारांनी होते.

पहिला प्रकार कापण्याचा. जुनी चित्रे चारास तीन या प्रमाणाच्या चौकटीत रचलेली असत. आजचे पडदे सोळास नऊ प्रमाणाचे आहेत. रुंदी तशीच ठेवून नव्या पडदा भरायचा तर वरून व खालून मिळून चित्राचा चौथा हिस्सा कापावा लागतो. अमेरिकेत २००७ साली ‘ड्रॅगन बॉल झी’ या मालिकेच्या संचांत नेमके हेच झाले आणि जाणत्या प्रेक्षकांनी मोठी ओरड केली. दुसरा प्रकार घासण्याचा. फिल्मचे कण म्हणजे मळ आहे असे समजून संगणकाकडून ते पुसून टाकतात. कणांबरोबर बारीक रेषाही जाते, पाऊस जातो, धूर जातो आणि माणसांचे चेहरे मेणाचे दिसू लागतात. तिसरा प्रकार रंग बदलण्याचा. जुना मंद रंग आजच्या गिऱ्हाइकास फिका वाटेल म्हणून तो भडक करायचा. चौथा आणि सर्वांत नवा प्रकार म्हणजे कृत्रिम बुद्धिमत्तेकडून चित्र मोठे करून घेणे. यात यंत्र मूळ चित्रात नसलेला तपशील अंदाजाने भरते. ज्या रेषा कोणत्याही चित्रकाराने काढल्या नाहीत त्या त्याच्या नावावर जमा होतात.

२०२५ च्या ऑगस्टमध्ये ‘रांझणा’ या हिंदी चित्रपटाची तमिळ आवृत्ती कृत्रिम बुद्धिमत्तेने शेवट बदलून पुन्हा प्रदर्शित करण्यात आली. दिग्दर्शक आणि नायक या दोघांनीही जाहीर निषेध केला. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातील ५७ वे कलम कृतीचा विपर्यास झाल्यास दाद मागण्याचा विशेष अधिकार कर्त्याला देते. मात्र जिच्या आठवणीत ती कृती वसली आहे त्या जनतेला याबाबत काही म्हणणे असू शकते, असे कायदा मानीत नाही.

आता चाहते काय करतात ते पाहावे. ते एकाच चित्रपटाच्या मिळतील तितक्या प्रती गोळा करतात. एका डिस्कवर चौकट पुरी असते पण रंग उडालेला. दुसरीवर रंग बरा पण रेषा घासलेली. एखाद्या जुन्या चित्रपटगृहाची ३५ मिलिमीटरची प्रिंट कोठे विकावयास निघाली तर वर्गणी काढून ती घेतात आणि चौकट न् चौकट संगणकावर उतरवितात. १९७७ च्या ‘स्टार वॉर्स’चे मूळ रूप, निर्मात्याने पुढे त्यात केलेल्या फेरफारांमुळे बाजारात मिळेनासे झाले, तेव्हा प्रेक्षकांनी जुन्या प्रिंटवरून ते अशाच रीतीने वाचविले. ॲनिमेच्या क्षेत्रातही रीत तीच आहे. प्रिंटवर नंतर पडलेला ओरखडा पुसायचा, कारण तो अपघात आहे. रंगाऱ्याच्या कुंचल्याची खूण ठेवायची, कारण ते काम आहे. हा विवेक ज्याला आला तो खरा जतनकार. आवाज जुळविण्याचे कष्ट निराळेच. भारतात दूरचित्रवाणीचा वेग सेकंदाला २५ चौकटींचा होता. २४ चौकटींची फिल्म त्या वेगाने सोडली की ती शेकडा चार इतकी लवकर धावते आणि स्वर किंचित चढतो. तो आवाज मूळ वेगाच्या चित्रावर बसवायचा तर मिनिट न् मिनिट ऐकून दुरुस्त करावा लागतो. या कामाला मजुरी नाही, हजेरीपट नाही, आणि कायद्याने पाहता पुष्कळदा परवानगीही नाही.

चित्र उजळले, आवाज बदलला

भारताशी याहून निकटचा संबंध असलेले दुसरे उदाहरण आहे. युगो साको हे जपानी निर्माते १९८३ साली पुरातत्त्वीय उत्खननावरील माहितीपटाच्या निमित्ताने भारतात आले. तेथून त्यांना रामकथेचे वेड लागले. त्यांच्या संकल्पाची बातमी छापून आल्यावर परक्याने रामायणाला हात लावू नये अशा आशयाचा आक्षेप विश्व हिंदू परिषदेने जपानी वकिलातीकडे नोंदविला. विषय नाजूक म्हणून भारत सरकारनेही सहनिर्मितीतून अंग काढून घेतले. अखेर चित्रपट जपानमध्ये तयार झाला. साको आणि कोइची सासाकी यांच्याबरोबर राम मोहन हे भारतीय ॲनिमेशनचे अध्वर्यू दिग्दर्शनात होते. संगीत वनराज भाटिया यांचे. सुमारे ४५० कलावंत आणि सुमारे एक लाख सेल त्यासाठी लागले, असे सांगितले जाते. १९९३ च्या जानेवारीत, म्हणजे बाबरी मशीद पाडली गेल्यानंतर महिन्याभराने, हा चित्रपट दिल्लीच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात दाखविला गेला. मोठे प्रदर्शन त्याच्या वाट्याला आले नाही. तो लोकांपर्यंत पोचला तो पुढे दूरचित्रवाणीवरून आणि कॅसेटींवरून. त्या हिंदी आवृत्तीत रामाचा आवाज अरुण गोविलांचा, रावणाचा अमरीश पुरींचा आणि निवेदन शत्रुघ्न सिन्हांचे होते.

२४ जानेवारी २०२५ रोजी हा चित्रपट नव्या, अतिशय स्वच्छ रूपात भारतभर प्रदर्शित झाला. ही निःसंशय आनंदाची गोष्ट. परंतु त्यासाठी हिंदी, तमिळ, तेलुगू संवाद नव्याने ध्वनिमुद्रित करण्यात आले. ज्या आवाजांसह एक पिढी वाढली ते आवाज पडद्यावर नव्हते. चित्र उजळले आणि आवाज बदलला. जुना हिंदी आवाज ऐकायचा तर चाहत्यांनी सांभाळलेल्या जुन्या मुद्रणांकडेच वळावे लागते.

‘आवाज बदलला म्हणून एवढे काय बिघडले?’ असे कोणी विचारील. वऱ्हाडातील माणसाला याचे उत्तर शिकवावे लागू नये. गाडगेबाबांनी १९५६ साली, देह ठेवण्याच्या थोडे आधी, मुंबईत बांद्र्याला केलेल्या कीर्तनाचे ध्वनिमुद्रण उपलब्ध आहे. त्यात खरखर आहे. काही शब्द नीट लागत नाहीत. तेच शब्द उद्या एखाद्या तालीमदार नटाकडून स्वच्छ म्हणवून घेतले आणि जुने मुद्रण अडगळीत टाकले, तर वलगावच्या वा मूर्तिजापूरच्या माणसाला ते पटेल काय? श्रोत्यांना प्रश्न विचारणारा तो वऱ्हाडी हेल, मध्येच उसळणारे हसू, जमावाने धरलेला ठेका हे सारे त्या खरखरीतच आहे. खरखर कमी करावी. बाबांना बदलू नये. ॲनिमेचे चाहते जे मागतात ते एवढेच आहे.

उपेक्षेचे अर्थशास्त्र

मालकाला जपणूक का परवडत नाही, याचा विचार भावना बाजूस ठेवून केला पाहिजे. जपणुकीचा खर्च आज आणि दरवर्षी होतो. लाभ झालाच तर तीस-चाळीस वर्षांनी, आणि तो एका व्यक्तीला न होता साऱ्या समाजाला थोडा थोडा होतो. ज्या लाभाचे गिऱ्हाईक एकेकटे करून पैसे वसूल करता येत नाहीत, त्यासाठी खाजगी भांडवल पुढे येत नाही. हा अर्थशास्त्रातला पहिला धडा आहे. म्हणून रस्ते, लसीकरण आणि ग्रंथालये बाजारावर सोडीत नाहीत. उलट, जुन्या कृष्णधवल फिल्ममधील चांदीला मात्र रोखीचा भाव होता. भारतात कित्येक मूकपटांच्या आणि बोलपटांच्या प्रती त्या चांदीसाठी वितळविल्या गेल्या. १९३१ चा ‘आलम आरा’, आपला पहिला बोलपट, आज कोठेही उपलब्ध नाही. फाळक्यांच्या ‘राजा हरिश्चंद्र’ची केवळ काही रिळे उरली. धातूचा भाव कृतीच्या भावाहून वर गेला की बाजार काय निवडतो, हे यावरून कळते.

सार्वजनिक संस्था असली म्हणजे सारे झाले, असेही नव्हे. पुण्यात १९६४ साली राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन झाले. पी. के. नायर यांच्यासारख्या एकनिष्ठ माणसाने ते घडविले. तरी ८ जानेवारी २००३ रोजी जुन्या प्रभात स्टुडिओच्या आवारातील नायट्रेट फिल्मच्या कोठारास आग लागली आणि सहाशेहून अधिक चित्रपटांची पाच हजारांहून अधिक रिळे जळाली. मराठी चित्रपटाच्या बालपणाचा मोठा भाग त्या दुपारी गेला. पुढे राष्ट्रीय चित्रपट वारसा अभियान आले. २०२२ साली सुमारे २,२०० चित्रपटांच्या पुनरुज्जीवनासाठी ३६३ कोटी रुपये जाहीर झाले. त्याच सुमारास संग्रहालयाचे स्वतंत्र अस्तित्व संपवून ते चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आले. ज्या संस्थेचे काम नफ्याविना चालावयाचे आहे तिला महामंडळाच्या ताळेबंदाशी बांधणे धोक्याचे आहे, ही शंका त्या वेळी अनेक चित्रपटकर्मींनी उघडपणे मांडली होती.

कायद्याचा हिशेब तर याहून विलक्षण आहे. भारतीय कायद्यानुसार चित्रपटाचा कॉपीराइट प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षे चालतो. १९९३ साली प्रकाशित झालेली कृती २०५३ च्या अखेरीपर्यंत बंदिस्त. ज्या फितीवर ती आहे ती फीत इतकी वर्षे जगत नाही. म्हणजे हक्क वस्तूहून दीर्घायुषी आहे. पुस्तकांसाठी १९५४ च्या कायद्याने प्रत्येक प्रकाशनाची प्रत ठराविक राष्ट्रीय ग्रंथालयांत देणे प्रकाशकावर बंधनकारक केले. चित्रपटांसाठी तसे सर्वसाधारण बंधन आजही नाही. एक फट मात्र २०१२ च्या दुरुस्तीने ठेवली आहे. कलम ५२ खाली, नफ्यासाठी न चालणाऱ्या सार्वजनिक ग्रंथालयापाशी एखाद्या कृतीची प्रत आधीच असेल, तर जपणुकीसाठी तिची संगणकीय प्रत करून ठेवता येते. ही तरतूद खेड्यापाड्यांतील ग्रंथालयांना कोणी सांगितलेली नाही.

दोन आक्षेप

पहिला आक्षेप असा की, हे चाहते म्हणजे चोरच. यात तथ्यांश आहे. नाकारण्यात अर्थ नाही. बाजारात रास्त किमतीला मिळणारी कृती फुकट वाटणारा माणूस जतनकार नसतो, आणि त्याच्या हातून नव्या कलावंताच्या पोटावर पाय येऊ शकतो. परंतु मालकाने जी आवृत्ती विकण्याचे थांबविले, जी तो स्वतःही सांभाळीत नाही, तिची प्रत राखणाऱ्याला त्याच मापाने मोजणे अन्याय्य आहे. शिवाय ज्यांच्या नावाने हा हक्क सांगितला जातो त्या रेषाकारांना आणि रंगारी स्त्रियांना या हक्कातून बहुधा एकरकमी मजुरीपलीकडे काही मिळालेले नाही.

दुसरा आक्षेप आरंभीच नोंदविला तो. पोटाला अन्न नसलेल्या मुलखात चित्रांची चिंता कशाला? मेळघाटाने या प्रश्नाला स्वतःच उत्तर दिलेले आहे. कोरकू समाज आपल्या मृतांसाठी सागाच्या लाकडावर सूर्य, चंद्र आणि घोडेस्वार कोरून स्मृतिस्तंभ उभारीत आला आहे. पोट भरल्यावर स्मृती राखू, असे त्यांनी कधी म्हटले नाही. भूक आणि विस्मरण एकाच दरिद्री घरात नांदतात. ज्याचा इतिहास कोणी राखला नाही त्याचा हक्कही कागदावर सापडत नाही. गोष्टीतल्या मोगलीला रानात राहण्यासाठी कोणाचा दाखला लागला नाही. कोरकूंना मात्र पिढ्यान्‌पिढ्या कसलेल्या जमिनीसाठी २००६ च्या वनहक्क कायद्याची वाट पाहावी लागली आणि त्यानंतरही वहिवाटीचे पुरावे गोळा करीत हिंडावे लागले. कोरकू भाषेतील गाणी आणि गोष्टी यांची जी थोडी ध्वनिमुद्रणे झाली असतील, ती कोणत्या कपाटात कोणत्या अवस्थेत आहेत, याची चिंता वाहणारी यंत्रणा नसणे आणि मोगलीचा हिंदी आवाज घरगुती कॅसेटींच्या भरवशावर राहणे, ही एकाच व्यवस्थेची दोन फळे आहेत.

काय करता येईल

चाहत्यांच्या प्रेमाचे कौतुक करून थांबणे म्हणजे सार्वजनिक जबाबदारी पुन्हा काही मूठभर माणसांच्या पदरावर टाकणे होय. प्रेम दमते, संगणक बिघडतो, माणूस वारतो आणि त्याचा संग्रह रद्दीत जातो. म्हणून या कामाला संघटनेचे रूप दिले पाहिजे. मागण्या तीन आहेत. एक, सार्वजनिक पैशावर निर्माण वा प्रक्षेपित झालेल्या प्रत्येक कार्यक्रमाची, त्याच्या सर्व भाषांतील आवाजांसह, एक प्रत राष्ट्रीय संग्रहात ठेवणे कायद्याने बंधनकारक व्हावे. दोन, ठराविक वर्षे बाजारात उपलब्ध नसलेल्या कृतीची प्रत ना-नफा तत्त्वावर राखण्यास आणि ग्रंथालयात दाखविण्यास मोकळीक मिळावी. कर्त्यांच्या मोबदल्याची तरतूद त्यातच असावी. तीन, कोणतीही ‘सुधारलेली’ आवृत्ती विकताना मूळ आवृत्तीही उपलब्ध ठेवण्याचे बंधन मालकावर असावे.

मागण्या दिल्लीत मान्य होईपर्यंत येथे बसून करण्यासारखेही पुष्कळ आहे. महाराष्ट्रात १९६७ च्या कायद्याने सार्वजनिक ग्रंथालयांचे जाळे उभे राहिले. अचलपूर, परतवाडा, अकोट, धारणी येथील कार्यकर्त्यांनी आपल्या गावच्या ग्रंथालयाच्या कार्यकारिणीशी बोलावे. घराघरांत धूळ खात पडलेल्या व्हिडिओ आणि ध्वनिकॅसेटी दानरूपाने गोळा कराव्यात. त्यांत दूरदर्शनच्या मालिका सापडतील, शेतकरी मेळाव्यांतील भाषणे सापडतील, बहिरमच्या जत्रेतील खेळ आणि कोरकू लग्नांतली गाणीही सापडतील. त्या संगणकावर उतरविताना तीन नियम पाळावेत: कापू नये, घासू नये, रंगवू नये. प्रत कोणाकडून आली, कोणत्या साली मुद्रित झाली, हे लिहून ठेवावे. दोन प्रती दोन गावांत ठेवाव्यात, म्हणजे एका ठिकाणची आग वा पूर सारे नेणार नाही. उजळ प्रत करावयाची तर अवश्य करावी, पण ती निराळी ठेवावी; मूळ प्रतीस हात लावू नये.

वर्गणी, नोंदवही आणि पाळीपाळीने करावयाचे श्रम ही या चळवळीची जुनी हत्यारे आहेत. टोकियोतील रंगशाळेत पाठमोरी बसून सेलमागे रंग भरणारी स्त्री आणि तो रंग जसाच्या तसा राहावा म्हणून रात्र जागविणारा भारतातला एखादा कारकून यांची भेट कधी झाली नाही, होणारही नाही. त्या दोघांच्या मध्ये जो मालक उभा आहे, त्याला वस्तूची किंमत ठाऊक आहे. तिचे मोल या दोघांना ठाऊक आहे. त्या मोलाच्या बाजूने कायदा उभा करणे हे राजकीय काम आहे आणि ते चित्रपटरसिकांवर सोडून देण्याचे कारण नाही.